डबा या फळीवरून त्या फळीवर

1953 साली आयझॅक असिमॉव्ह बॉस्टन विद्यापीठात बायोकेमिस्ट्री शिकवत होता. एकदा ग्रंथालयात 'टाइम' साप्ताहिकाचे जुने बांधीव अंक चाळताना 1932 सालच्या एका जाहिरातीवर त्याची नजर अडली. रेषांनी काढलेलं साधं चित्र होतं. जमिनीतून उसळलेला खांब आणि वर पसरलेली छत्री. म्हणजे अणुस्फोटाचा ढग! पण 1932 मध्ये? हिरोशिमाच्या तेरा वर्षं आधी? नीट पाहिल्यावर कळलं, की ते यलोस्टोनमधल्या 'ओल्ड फेथफुल' नावाच्या गरम पाण्याच्या कारंज्याचं चित्र आहे.

तुम्ही-मी हसून पान उलटलं असतं. असिमॉव्हच्या डोक्यात मात्र प्रश्न राहिला. ते चित्र खरंच अणुस्फोटाचं असतं तर? 1932 मध्ये अडकलेला, पुढचं सगळं माहीत असलेला एखादा माणूस आपल्या लोकांना 'मी इथे आहे' असं सांगायला अशी जाहिरात देईल का? आणि त्याचे 'आपले लोक' म्हणजे नेमके कोण?

या प्रश्नातून आधी एक लघुकादंबरी झाली, ती 'गॅलेक्सी' मासिकाच्या संपादकाने परत पाठवली. मग असिमॉव्हने ती वाढवली आणि 1955 मध्ये 'द एंड ऑफ इटर्निटी' ही कादंबरी आली. 'फाउंडेशन'वर वेबसिरीज आल्यामुळे असिमॉव्ह म्हटलं की आता सगळ्यांना तेच आठवतं. पण ऑफिसच्या बसमध्ये फोनवर वाचायला एकच पुस्तक सुचव म्हणालात, तर मी हे सुचवेन.

कादंबरीतली 'इटर्निटी' ही संस्था काळाच्या बाहेर वसलेली आहे. सत्ताविसाव्या शतकात तिची सुरुवात होते आणि तिथून पुढे हजारो शतकांमध्ये तिची कचेरी असते. तिची माणसं 'केटल' नावाच्या वाहनात बसून शतकांमधून वर-खाली जातात, आपण लिफ्टने मजले बदलतो तशी. बाहेरच्या सामान्य माणसांना वाटतं, ही एका शतकातला माल दुसऱ्या शतकात नेऊन विकणारी व्यापारी संस्था आहे. तेवढंच त्यांना सांगितलेलं असतं. खरं काम वेगळं आहे. इतिहासाच्या शक्य असलेल्या वाटा शोधायच्या, त्यांचं गणित मांडायचं, त्यातली 'बरी' वाट निवडायची आणि बाकीच्या पुसून टाकायच्या.

हे काम चालतं कसं, ते वाचताना मला हसू यायचं थांबेना, कारण रचना थेट एखाद्या मोठ्या आयटी कंपनीसारखी आहे. 'ऑब्झर्व्हर' जाऊन निरीक्षणं आणतात. 'सोशिऑलॉजिस्ट' त्यांचा अर्थ लावतात. 'लाइफ-प्लॉटर' एकेका माणसाच्या आयुष्याचं पुढे काय होईल त्याचा आलेख काढतात. सगळ्यांच्या वर 'कॉम्प्युटर' असतात. हे माणसाचं पद आहे, यंत्राचं नाही. तेव्हा इंग्रजीत या शब्दाचा जुना अर्थ, म्हणजे आकडेमोड करणारा माणूस, अजून पुरता विसरला गेला नव्हता. हे सगळे मिळून एकच गोष्ट शोधतात, कमीत कमी बदलात जास्तीत जास्त हवा तो परिणाम.

आणि मग तो बदल करायला टेक्निशियन जातो. कादंबरीचा नायक अँड्र्यू हार्लन हा टेक्निशियन आहे. त्याच्या पहिल्या कामात तो एक यंत्रणा थोडीशी बिघडवतो. एक तरुण एका व्याख्यानाला पोचू शकत नाही, त्यामुळे तो विशिष्ट विषयाकडे वळत नाही, त्यामुळे एक साधं उपकरण दहा वर्षं उशिरा तयार होतं आणि पुढच्या शतकातलं एक युद्ध इतिहासातून नाहीसं होतं. दुसऱ्या एका प्रसंगी तो फक्त एक डबा एका फळीवरून उचलून दुसऱ्या फळीवर ठेवतो. तेवढ्याने काही वर्षांपुढची अंतराळयानं वास्तवातून पुसली जातात. ती कधी होती हे त्या काळातल्या कुणालाच आठवत नाही, कारण आठवणारी माणसंही बदललेली असतात.

मला खरी वाटली ती पुढची गोष्ट. इटर्निटीमध्ये टेक्निशियनच्या शेजारी कुणी जेवायलाही बसत नाही. ठरवलं सगळ्यांनी मिळून, पण डब्याला हात याने लावला, म्हणून विटाळ याचा.

मी टेक्निशियन आहे. म्हणजे माझ्या ऑफर लेटरवर 'सॉफ्टवेअर इंजिनिअर' असं लिहिलं आहे. काही वर्षांपूर्वी मी ज्या ॲपवर काम करत होतो, तिथे एक प्रयोग चालला होता. 'ए' गटातल्या लोकांना मदतीसाठी फोन करायचं बटण पहिल्याच स्क्रीनवर दिसायचं, 'बी' गटातल्यांना दोन स्क्रीन आत. कल्पना प्रॉडक्टवाल्यांची, मोजमाप डेटावाल्यांचं, ओळ माझी. एकच ओळ. 'बी'मध्ये कॉल कमी झाले, आकडे सुरेख आले आणि 'बी' सगळ्यांना लागू झालं. 'ए' बंद झालं. ज्यांनी 'ए' पाहिलंच नव्हतं, त्यांना काही हरवल्याचं कळायचा प्रश्नच नव्हता. महिन्याभराने आईचा फोन आला. 'अरे, ते फोनचं बटण कुठं गेलं? माझे पैसे अडकलेत.' बटण कुठे आहे ते मी तिला सांगितलं. ते तिथे का आहे, ते सांगितलं नाही.

*

काळाच्या इतर वाटांचे नकाशे काढणारी गुप्त मंडळी ही कल्पना काही असिमॉव्हने पहिल्यांदा आणली नाही. 'असं झालं असतं तर' हा खेळ खूपच जुना आहे. रोमन इतिहासकार लिव्हीने सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी, अलेक्झांडर पश्चिमेकडे वळला असता तर रोमने त्याला हरवलं असतं का, यावर आपल्या इतिहासात बरीच पानं खर्ची घातली. (उत्तर अर्थातच 'हो'. लिव्ही रोमन होता.) पण हे सगळे टेबलापाशी बसून केलेले विचार होते. त्या वाटांवर प्रत्यक्ष जाता येतं, आणि कुणीतरी तिथे जाऊन नोंदी ठेवतं, ही कल्पना विसाव्या शतकातली आहे आणि ती बरीचशी अमेरिकन स्वस्त मासिकांमध्ये जन्मली.

1934 च्या जूनमध्ये 'अस्टाउंडिंग' मासिकात मरे लेन्स्टरची 'साइडवाइज इन टाइम' ही कथा आली. तिच्यात पृथ्वीचे तुकडे दुसऱ्या काळरेषांमधल्या तुकड्यांशी अदलाबदल होऊ लागतात. कुठे रोमन सैन्य उगवतं, कुठे झारचे रशियन. व्हर्जिनियातल्या एका छोट्या कॉलेजातल्या मिनॉट नावाच्या गणिताच्या प्राध्यापकाने हे आधीच गणिताने ओळखलेलं असतं. तो कुणाला सांगत नाही. आपले काही विद्यार्थी घेऊन तो निघतो, अशी एखादी मागासलेली काळरेषा शोधायला, जिथे विसाव्या शतकातल्या ज्ञानाच्या जोरावर त्याला राज्य करता येईल. पुढे ज्या संस्था आल्या त्यांचं बीज या एका चिडक्या प्राध्यापकात आहे. नकाशा माझ्याकडे आहे, तुमच्याकडे नाही, म्हणून मी राजा.

एच. बीम पायपरने या एका माणसाचं खातं केलं. पायपर पेनसिल्व्हेनियात अल्टूनाच्या रेल्वे यार्डात काम करायचा, तिथे रात्रीचा पहारेकरीही होता. रात्रभर समांतर रूळ बघत बसलेल्या माणसाला समांतर काळ सुचावा, ही माझी आपली कल्पना, पण ती मला सोडवत नाही. 1948 पासून त्याने 'पॅराटाइम पोलिसां'च्या कथा लिहिल्या. या कथांमधल्या एका काळरेषेवरच्या माणसांना बाजूच्या रेषांवर जाण्याचं तंत्र सापडतं. त्यांच्या स्वतःच्या पृथ्वीवरची संपत्ती त्यांनी संपवलेली असते. मग ती इतर रेषांवरून, तिथल्या लोकांना पत्ता न लागू देता, हवं ते आणू लागतात. सगळ्या रेषांची पातळ्यांमध्ये आणि विभागांमध्ये पद्धतशीर वर्गवारी झालेली आहे, भूमापन खात्याने करावी तशी. पोलिसांचं पहिलं काम म्हणजे हे गुपित राखणं.

1951 च्या 'टेंपल ट्रबल' या कथेत तर एक खाणकंपनी दुसऱ्या काळरेषेवर चक्क एका देवाचं देऊळ चालवते. वर पूजा, धूप, पुजारी. खाली युरेनियमची खाण. पुजारी कंपनीचेच नोकर. पायपर हे सगळं मजेत लिहितो, साहसकथेच्या वेगाने, आणि त्याची सहानुभूती बहुतेक वेळा पोलिसांकडे असते. मी ते वाचताना खाणीच्या बाजूला उभा राहिलो. आपण भारतीय वाचक आहोत. व्यापाराचा फलक लावून आलेली आणि पुढे नकाशे काढू लागलेली कंपनी आपल्याला कल्पनेतून आणावी लागत नाही.

याला आपल्याकडचा खरा जोड आहे. 1865-66 मध्ये कुमाऊंच्या डोंगरातला नैनसिंग रावत यात्रेकरूच्या वेषात ल्हासाला गेला. ब्रिटिश सर्वेक्षण खात्याने त्याला तयार केलं होतं. त्याच्या जपमाळेत 108 ऐवजी 100 मणी होते. दर शंभर पावलांनी एक मणी सरकवायचा. प्रार्थनाचक्राच्या पोटात मंत्राऐवजी नोंदींचे कागद. तिबेट परकीयांना बंद होतं, म्हणून हा सगळा खटाटोप. माणूस अचाट होता आणि त्याच्या पावलांचं मोजमाप आश्चर्य वाटावं इतकं अचूक होतं. पण ज्यांच्या गावांमधून तो माळ ओढत गेला, त्यांना आपण मोजले जातोय हे माहीत नव्हतं. 1904 मध्ये ब्रिटिश फौज ल्हासाला पोचली.

*

1955 हे वर्ष या विषयासाठी भलतंच भरलेलं आहे. त्या वर्षी असिमॉव्हची इटर्निटी आली, पायपरची 'टाइम क्राइम' आली आणि पॉल अँडरसनने 'टाइम पेट्रोल' सुरू केलं. अँडरसनचं पेट्रोल असिमॉव्हच्या उलट आहे. ते इतिहास बदलत नाही, बदलू पाहणाऱ्यांना थांबवतं. आपल्याला वाटतं, चला, ही चांगली माणसं.

त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये अँडरसनची 'डेलेंडा एस्ट' ही कथा आली. पेट्रोलचा मॅन्स एव्हरार्ड विसाव्या शतकातल्या न्यूयॉर्कला म्हणून उतरतो आणि पाहतो तर न्यूयॉर्क नाहीच. कुणीतरी इसवी सन पूर्व 218 मध्ये तिकिनसच्या लढाईत ढवळाढवळ केली आहे. दोघे सिपिओ, बाप आणि मुलगा, तिथेच मारले गेले, त्यामुळे पुढे कार्थेजने रोमला संपवलं आणि सगळा इतिहास वेगळ्या वळणाने गेला. तिथे केल्टिक लोकांची राज्यं आहेत, वाफेवर चालणारी वाहनं आहेत. आणि पूर्वेला 'हिंदुराज' नावाची एक मोठी सत्ता आहे.

मी तिथे थांबलो. अँडरसनसाठी हिंदुराज हा पार्श्वभूमीचा तपशील आहे. पण त्या जगात प्लासी झालेली नाही, 1818 झालेलं नाही, बंगालचा 1943 चा दुष्काळ झालेला नाही. एव्हरार्डने लढाई 'दुरुस्त' केली की ते जग, त्यातली कोट्यवधी माणसं, त्यांच्या भाषा, त्यांची पोरंबाळं मेलीसुद्धा नाहीत, ती कधी नव्हतीच असं होणार. एव्हरार्डला हे कळतं, त्याला ते जड जातं, एका स्त्रीला तो आपल्याबरोबर वाचवूनही आणतो. आणि तरी तो दुरुस्ती करतो. का? तर आपलं जग ते खरं जग. दुसरं कारण कथेत नाही, आणि अँडरसन ते लपवतही नाही. म्हणूनच ती मला या सगळ्यांतली सर्वांत प्रामाणिक कथा वाटते. ती वाचल्यावर मी 'चांगली माणसं' हा शब्द मागे घेतला.

असिमॉव्हचा शेवट वरवर पाहता याला उत्तर देतो. (इथून पुढे शेवट फुटणार आहे, पण पुस्तक सत्तर वर्षांचं झालंय.) हार्लन ज्या नोईस नावाच्या मुलीच्या प्रेमात पडतो, ती इटर्निटीला शिरता न येणाऱ्या अतिदूरच्या शतकांमधली असते. ती त्याला सांगते, की तुमच्या संस्थेने प्रत्येक वेळी सुरक्षित पर्याय निवडला. युद्ध टाळलं, धोका टाळला, अंतराळप्रवासही टाळला. माणूस ताऱ्यांपर्यंत पोचला तेव्हा फार उशीर झाला होता, तिथे दुसरेच राहायला आले होते. माणूस घरी परतला आणि हळूहळू संपला. शेवटी हार्लन तिचं ऐकतो आणि इटर्निटी कधी निर्माणच होत नाही.

छान. पण नोईसच्या लोकांकडेही सगळ्या वाटांचा नकाशा होताच. त्यांनीही त्यांतली एक निवडली आणि त्यासाठी 1932 मध्ये माणूस पाठवला. नोईसचा 'किमान बदल' म्हणजे इटलीतल्या एका शास्त्रज्ञाला पाठवायचं एक पत्र. त्या पत्रामुळे अणुस्फोट तिसाव्या शतकाऐवजी 1945 मध्ये होणार. म्हणजे ती निवडते ती आपली काळरेषा, हिरोशिमा आणि नागासाकीसकट. हिरोशिमाला दहा वर्षंही झाली नव्हती तेव्हा असिमॉव्हने हे छापायला दिलं. नोईसला मी नायिका मानायला तयार आहे, पण तिनेही डबा या फळीवरून त्या फळीवर ठेवलाच.

*

आता कल्पित संस्था बाजूला ठेवू. 1957 च्या जुलैमध्ये 'रिव्ह्यूज ऑफ मॉडर्न फिजिक्स'मध्ये ह्यू एव्हरेट नावाच्या 26 वर्षांच्या तरुणाचा लेख आला. एव्हरेटची पहिली पदवी केमिकल इंजिनिअरिंगची होती (आमच्या जमातीतला!). मग प्रिन्स्टनला जॉन व्हीलरच्या हाताखाली त्याने पुंजभौतिकीवर प्रबंध केला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं. मोजमाप केलं की अनेक शक्यतांपैकी एकच खरी उरते आणि बाकीच्या विरतात, असं मानायची गरज नाही. समीकरण जसंच्या तसं चालू द्या. मग सगळ्या शाखा उरतात, आणि सगळ्या सारख्याच खऱ्या. 'मेनी वर्ल्ड्स' हे नाव नंतर, ब्राइस डेविटमुळे रूढ झालं.

1959 मध्ये एव्हरेट कोपनहेगनला नील्स बोरला भेटला, पण बोर बधला नाही. तोवर एव्हरेटने विद्यापीठही सोडलं होतं. 1956 पासूनच तो पेंटॅगॉनच्या 'वेपन्स सिस्टिम्स इव्हॅल्युएशन ग्रुप'मध्ये नोकरीला होता. काम गुप्त. अणुयुद्ध असं झालं तर किती माणसं मरतील, तसं झालं तर किती, इतके बॉम्ब, इतका वारा, इतके दिवस. जॉर्ज प्यू या सहकाऱ्याबरोबर त्याने किरणोत्सारी धुळीमुळे होणाऱ्या मृत्यूंचा अभ्यास केला, आणि त्याचा काही भाग 1959 मध्ये उघडपणे प्रसिद्धही झाला. लायनस पाउलिंगने 1963 मध्ये आपल्या नोबेल शांतता व्याख्यानात अण्वस्त्रांविरुद्ध बोलताना या कामाचा दाखला दिला.

मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा फोन खाली ठेवला. सगळ्या शाखा सारख्याच खऱ्या आहेत असं सिद्धांतात लिहिणारा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी गळ्यात ओळखपत्र घालून कचेरीत जातो आणि त्यातल्या काही शाखांमधले मृत्यू मोजतो. असिमॉव्हला 'लाइफ-प्लॉटर' कल्पनेतून आणावे लागले. एव्हरेटला महिन्याचा पगार मिळत होता. एक फरक मात्र आहे. एव्हरेटच्या गणितात पुसून टाकणं नाही. तिथे हिंदुराज कुणी दुरुस्त करू शकत नाही. आपण फक्त कुठल्यातरी एका फांदीवर असतो आणि बाकीच्या आपल्याला दिसत नाहीत.

एव्हरेट 1982 मध्ये, 51 व्या वर्षी, हृदयविकाराने गेला.

*

पुंजभौतिकीचा हाच धागा मराठीत आला तो जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत'मधून. ज्यांनी मराठीत वाचली नसेल त्यांनीही ती बहुधा अकरावीच्या इंग्रजीच्या एनसीईआरटी पुस्तकात वाचली असेल. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघातानंतर वेगळ्याच मुंबईत जाऊन पोचतात. इथे पानिपत मराठ्यांनी जिंकलंय. ईस्ट इंडिया कंपनी अजून आहे, पण तिचं राज्य झालं नाही. मुंबई इंग्रजांकडे भाडेपट्ट्यावर आहे. पंत ग्रंथालयात जातात आणि इतिहास नेमका कुठे वळला ते शोधतात. भाऊसाहेबांच्या बखरीत त्यांना ती जागा सापडते. आपल्या इतिहासात 14 जानेवारी 1761 ला विश्वासरावांना गोळी लागली. तिथल्या बखरीत ती तिळाएवढ्या अंतराने कानाजवळून निघून गेली.

वर सांगितलेल्या सगळ्या कथांनंतर ही पुन्हा वाचली तेव्हा एक गोष्ट पहिल्यांदा लक्षात आली. इथे संस्थाच नाही. पंतांना कुणी पाठवलेलं नाही, त्यांच्याकडे यंत्र नाही, वर्गवारी नाही, दुरुस्तीचा हुकूम नाही. ते पाहतात ते जग मराठी वाचकाला हवंहवंसं आहे, तरी ते आणावं, टिकवावं, आपलं पुसावं असा विचार त्यांच्या मनात येत नाही. त्यांच्याबरोबर परत येतं ते बखरीचं एक फाटकं पान, तेही चुकून खिशात राहिलेलं. राजेंद्र देशपांडे हा त्यांचा वैज्ञानिक मित्र त्यांना शक्याशक्यतेचं गणित समजावून सांगतो आणि विषय तिथे संपतो.

पंतांची एकच खोड आहे, सभेत अध्यक्षस्थानी बसायची. नऊशे नव्व्याण्णव वेळा बसून झालेलं असतं. त्या दुसऱ्या मुंबईत आझाद मैदानावर त्यांना व्यासपीठावर एक रिकामी खुर्ची दिसते आणि राहवत नाही. पण तिथल्या लोकांनी अध्यक्षीय भाषणं केव्हाच बंद केलेली असतात. पंत खुर्ची सोडत नाहीत, लोक त्यांना उचलून फेकतात आणि पंत आपल्या जगात परत येतात. इथे पानिपतावरचा परिसंवाद त्यांची वाट पाहत असतो, आणि तिथलं अध्यक्षपद त्यांचं हजारावं ठरणार असतं.

आयोजकांना ते कळवून टाकतात, की मला येता येणार नाही.